दाराबाहेरची हलगी

गेल्या दिवाळीनंतरच्या एका रविवारी आमच्या मंडळीत हंगामाचा सण होता. आसपासच्या खेड्यांतली माणसं भाताच्या लोंब्या, भुईमुगाचे वेल, भोपळे, उसाच्या मोळ्या, पाय बांधलेल्या कोंबड्या घेऊन आली होती. इचलकरंजीत शेतापेक्षा माग जास्त, त्यामुळे प्रभुभोजनाच्या मेजापुढे कापडाचे तागेही येतात. कुणी नवा माग घातला की त्यावरून उतरलेला पहिला तागा देवाला. उपासना झाली की या सगळ्याचा लिलाव होतो आणि पैसे मंडळीच्या फंडात जातात.

त्या दिवशी एकोणीस-वीस वर्षांचा एक पोरगा हलगी घेऊन आला. रात्रपाळीला माग चालवतो, पाळी सुटल्यावर आंघोळ करून तसाच आलेला. त्याच्याकडे ना शेत, ना स्वतःचा माग. दारात उभ्या असलेल्या वडील मंडळींना त्यानं विचारलं, "अर्पणं आत आणताना पुढं वाजवू का?" त्याला आत घेतलं, हलगीला नाही. "ते बाहेर ठेव. हे देवाचं घर आहे." एवढंच बोलणं झालं, आवाजही चढला नाही. पोरानं हलगी कुंपणाच्या भिंतीला टेकवून ठेवली आणि शेवटच्या बाकावर जाऊन बसला. आत पेटी-तबल्यावर गीत सुरू झालं.

मी तिसऱ्या बाकावर होते. मंडळीत माझा शब्द थोडाफार ऐकला जातो. मिरजेच्या मिशन दवाखान्यात शिकलेली नर्स, वय सत्तरीपुढं, आणि त्या दारात उभ्या असलेल्यांपैकी एकाचा जन्म माझ्या हातून झालेला. मी उठून दोन शब्द बोलले असते तर कदाचित ऐकलं असतं. मी उठले नाही. ते मनातून जात नाही, म्हणून हे लिहिते आहे. आमच्या मंडळीतल्या लोकांसाठी तर लिहितेच, पण ज्यांना ख्रिस्ती माणूस म्हणजे मागचं सगळं पुसून आलेला माणूस वाटतो, त्यांच्यासाठीही.

माझे पणजोबा पोतराज होते. हातकणंगल्याकडच्या एका खेड्यातल्या मांगवाड्यात त्यांचं घर. वाढवलेले केस, कपाळभर हळद-कुंकू, कमरेला खणांच्या पट्ट्या, पायात चाळ आणि हातात कोरडा. पणजीच्या डोक्यावर मरीआईचा देव्हारा. दारोदार जायचं, कोरड्याचे फटके स्वतःच्या अंगावर ओढायचे आणि सुपातलं धान्य झोळीत घ्यायचं. त्यांचे धाकटे भाऊ हलगी वाजवत. पटकीची साथ आली की गाव पणजोबांना बोलावी आणि साथ सरली की पुन्हा वेशीबाहेर ठेवी.

कोल्हापुरात अमेरिकन मिशनरी रॉयल वाइल्डर १८५२ मध्ये आले. शाळा निघाल्या, मग कोडोली, सांगली, मिरज अशी मिशनची ठाणी झाली. मिरजेला डॉ. विल्यम वानलेस यांनी १८९४ मध्ये दवाखाना उघडला. आमच्या घरातली गोष्ट तिथूनच सुरू होते. पणजी पोटाच्या दुखण्यानं मरायला टेकली होती. पणजोबांनी तिला बैलगाडीत घालून मिरजेला नेलं आणि ती चालत परत आली. देवीनं जे केलं नाही ते त्या दवाखान्यानं केलं, असं पणजोबांना वाटलं असेल. आजी मात्र वेगळं सांगायची. मिरजेत पणजीला खाटेवर निजवलं होतं आणि शेजारच्या खाटेवर बामणाची बाई होती. आजी हे सांगताना "खाटेवर" हा शब्द दोनदा उच्चारायची.

बाप्तिस्म्याच्या आदल्या दिवशी पणजोबांचे केस कापले. कोरडा, चाळ, देव्हारा, देवीचा तांब्याचा मुखवटा, सगळं पंचगंगेत सोडलं. पणजीनं चाळेतलं एक घुंगरू ठेवून घेतलं. मरेपर्यंत ते तिच्या डाळीच्या गाडग्यात होतं. मग आजीकडं आलं, मग आईकडं. आई गेली तेव्हा तिच्या ट्रंकेत, उपासना संगीताच्या पुस्तकाखाली, रुमालात बांधलेलं ते मला सापडलं. आई रविवारी कधी मंडळी चुकवायची नाही. त्या घुंगराची तिनं पूजा केली नाही, हे मी खात्रीनं सांगते. तिनं ते ठेवलं होतं, इतकंच.

या घुंगराकडं आणि त्या हलगीकडं बघायची माझी नजर आफ्रिकेत बदलली, म्हणून आता तिकडं वळते. १९७९ मध्ये माझ्या यजमानांना झांबियात शिक्षकाची नोकरी लागली. त्या काळी आपल्याकडचे कितीतरी गणित-विज्ञानाचे मास्तर झांबिया, इथिओपिया, नायजेरियात जात. आम्ही सेरेंजे नावाच्या गावात तीन वर्षं राहिलो, मी तिथल्या सरकारी दवाखान्यात होते. तो मुलूख लाला लोकांचा, बोली बेंबा भाषेच्या जवळची. पहिल्याच रविवारी प्रार्थनेला गेलो आणि आत तीन ढोल होते. लाकूड कोरून केलेले, कातडं ताणलेले, गुडघ्यांत धरून हातांनी वाजवायचे. म्हाताऱ्या बायका अर्पणाची पेटी येण्याची वाट बघत बसत नसत. त्या रांगेनं, ढोलाच्या ठेक्यावर पावलं टाकत, मक्याचं पीठ, शेंगदाणे, अंडी, नाणी घेऊन पुढं जात. मला मांगवाडा आठवला. खरं सांगायचं तर मला लाज वाटली, आणि लाज कशाची वाटते आहे हे कळायला तीन वर्षं लागली.

त्या लोकांचा जुना धर्म आपल्याला परका वाटायचं कारण नाही. वर एक थोरला देव आहे, लेसा. सगळं त्यानं घडवलं, पण तो लांब राहतो. जवळ असतात ते गेलेले, घरातले पूर्वज. त्यांना इमिपाशी म्हणतात, एकाला मुपाशी. मूल जन्मलं की त्याला कुणा गेलेल्याचं नाव देतात आणि तो माणूस त्या मुलाची राखण करतो असं मानतात. गेलेल्यांसाठी छोटी खोपटी बांधायची, पेरणीच्या आधी, शिकारीला निघताना त्यांना पीठ किंवा घरची बिअर वाहायची. आपल्याकडं आजी गेल्यावर वर्षात नात झाली तर "आजीच आली" म्हणून तिचंच नाव ठेवतात, तसंच हे. शेताच्या बांधावरच्या म्हसोबाला कोंबडं देणाऱ्या माणसाला लाला म्हाताऱ्याशी बोलायला दुभाष्या लागला तरी समजावून सांगायला फार लागणार नाही.

मिशनरी तिथं गेले तेव्हा त्यांनी या सगळ्याला अंधार म्हटलं. ढोल बंद केले, कारण ढोल वाजला की नाच आला, नाच आला की पूर्वज आले. पण बायबलचं भाषांतर करायला बसल्यावर शब्द कुठून आणणार? देवासाठी त्यांनी लेसा हाच शब्द घेतला. आणि पवित्र आत्म्यासाठी बेंबा बायबलात शब्द आहे उमुपाशी वा मुशिलो, म्हणजे पवित्र मुपाशी. खोपट्यात ज्याला पीठ वाहत होते त्याच शब्दानं ते आज पवित्र आत्म्याला हाक मारतात. हे मला सांगितलं ते आमच्या दवाखान्यातल्या दाईनं. ती म्हणाली, शब्द आमचा होता, म्हणून तो आत्मा आमच्याकडं आला.

सेरेंजेहून गाडीनं निघालं की काही तासांवर चितांबो आहे. मिशनरी डॉ. डेव्हिड लिव्हिंग्स्टन १ मे १८७३ ला तिथं वारले. आम्ही दोघं बघायला गेलो. दगडी स्तंभ आहे, वर क्रूस. त्या जागी आधी एक मोठं झाड होतं, ज्याच्या बुंध्यावर लिव्हिंग्स्टनचं नाव कोरलेलं होतं. ते झाड १८९९ मध्ये तोडलं, कोरलेला भाग लंडनला नेला आणि १९०२ मध्ये हा स्तंभ उभारला. झाडावर नाव कोरणारा होता जेकब वेनराइट, आणि तो शिकला होता आपल्या नाशिकला.

नाशिकच्या शरणपूर रोडवरून रोज हजारो माणसं जातात. शरणपूर ही चर्च मिशनरी सोसायटीनं वसवलेली ख्रिस्ती वस्ती. एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला इंग्रजी आरमार अरबी समुद्रात गुलामांची गलबतं पकडत असे. त्यांतून सुटलेल्या आफ्रिकन मुलांना मुंबईला उतरवत आणि त्यांतली बरीच मुलं शरणपुरात पाठवत. सुतारकाम, लोहारकाम, वाचन, बायबल हे सगळं ती तिथं शिकली. लिव्हिंग्स्टन १८६५ मध्ये स्वतः नाशिकला आले आणि त्यांतली काही मुलं बरोबर घेऊन गेले. पुढं १८७२ मध्ये आणखी एक तुकडी त्यांच्याकडं पाठवली, तिच्यात वेनराइट होता. आफ्रिकेच्या इतिहासात यांना "नासिकची पोरं" असं नाव आहे. १८७५ च्या सुमारास मोंबासाजवळ फ्रेअरटाउन ही मुक्त गुलामांची वस्ती उभी राहिली, तिथली मंडळी उभी करण्यात नाशिकहून परतलेल्यांचा मोठा हात होता. पूर्व आफ्रिकेतल्या ख्रिस्ती धर्माचा एक झरा गोदाकाठाहून गेला आहे, हे आमच्या मंडळीत कुणी कधी सांगितलं नव्हतं. मला ते चितांबोच्या माळावर कळलं.

त्या मृत्यूची हकिकत लिव्हिंग्स्टनच्या नोकरांनी सांगितली आणि ती त्यांच्या शेवटच्या रोजनिशीबरोबर छापली गेली. काळीज आणि आतडी झाडाखाली पुरली, तेव्हा जेकब वेनराइटनं प्रार्थनापुस्तकातली मर्तिकाची उपासना वाचली. देह उन्हात वाळवला आणि सालीत गुंडाळून महिनोन् महिने चालत समुद्रापर्यंत नेला. पण ही उपासना एकटी नव्हती. चितांबो हा तिथला मुखिया आपल्या लोकांना घेऊन शोक करायला आला होता. दोन ढोलकरी होते. आणि शोक करणारा एक खास माणूस होता, ज्याच्या पायांत पोकळ बियांचे, आत खडे घातलेले वाळे होते. तो हळू आवाजात गात, पाय आपटत नाचला.

त्या माणसाच्या पायातले वाळे मी मनात बघते तेव्हा मला पंचगंगेत बुडालेली चाळ दिसते. एका मृत माणसासाठी एकाच ठिकाणी नाशिकहून आलेला ख्रिस्ती पोरगा वाचत होता आणि लाला माणूस नाचत होता. दोघांनी एकमेकांना "हे बाहेर ठेव" म्हटलं नाही. लिव्हिंग्स्टनला पुढं १८ एप्रिल १८७४ ला लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबीत पुरलं, तिथं ऑर्गन वाजला असेल. पण त्या माणसावर पहिलं रडणं ढोलाचं होतं.

आफ्रिकेतल्या मंडळ्यांना ढोल परत मिळवायला काळ लागला आणि तो कुणी दान म्हणून दिला नाही. दक्षिण आफ्रिकेतला झोसा माणूस न्तसिकाना १८२१ मध्ये वारला. आपल्या लोकांच्या चालीवर त्यानं रचलेलं देवाचं गीत आजही गातात. मलावीकडं डोनाल्ड फ्रेझर नावाच्या स्कॉटिश पाळकानं न्गोनी लोकांना त्यांच्याच चालींत गीतं रचायला लावलं. रोमन कॅथलिकांत दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर वारं फिरलं. १९६९ मध्ये पोप सहावे पॉल कंपालाला गेले आणि आफ्रिकन माणसानं आफ्रिकन राहूनच ख्रिस्ती व्हावं अशा अर्थाचं बोलले. १९८८ मध्ये झाईरच्या मिस्सा-विधीला रोमनं मान्यता दिली. त्यात संतांच्या नावांबरोबर नीतीनं जगलेल्या पूर्वजांनाही हाक मारतात. हे पूर्वज ख्रिस्ती नव्हते. ख्रिस्ताचं नावही त्यांच्या कानावर आलं नव्हतं.

आमच्याकडंही कुणी काही केलंच नाही असं नाही. इंग्लंडातून गोव्यात आलेल्या थॉमस स्टीफन्स या येशूसंघीयानं ख्रिस्तपुराण ओवीत लिहिलं, ते १६१६ मध्ये छापलं गेलं. त्यात त्यानं स्वर्गाला वैकुंठ म्हटलं. त्याच गोव्यात १७३६ मध्ये इन्क्विझिशननं ख्रिस्ती घरांत तुळस लावायला आणि लग्नात ओव्या म्हणायलाही बंदी केली, ही दुसरी बाजू. नगरकडं कृष्णराव सांगळे यांनी ख्रिस्ती कीर्तन उभं केलं. नारायण वामन टिळकांनी भजनं आणि अभंग दिले. १९१७ मध्ये मिशनचा पगार सोडून त्यांनी "देवाचा दरबार" सुरू केला, कारण त्यांना परदेशी कोट घातलेला ख्रिस्त नको होता. त्यांचं ऋण मी रोज फेडते, त्यांची गीतं म्हणत.

पण ही यादी पुन्हा वाचा. ओवी, अभंग, कीर्तन, पुराण. आमच्या मंडळीनं देशी व्हायचं ठरवलं तेव्हा देशीपणा कुणाकडून घेतला? देवळाच्या आत ज्यांना जागा होती त्यांच्याकडून. टिळक ब्राह्मण होते. त्यांच्या ओंजळीत जे होतं ते त्यांनी मनापासून दिलं, त्यांना बोल नाही. पण कोल्हापूर-सांगली-नगरच्या मंडळ्यांत बसलेली बहुसंख्य माणसं महारवाड्या-मांगवाड्यांतून आलेली. त्यांच्या हातात जे होतं ते कुणी मागितलं नाही. पेटी आली, तबला आला, टाळ आले. पेटी तर युरोपातलं वाद्य, मिशनऱ्यांबरोबरच इकडं आलेलं. ती चालते. इचलकरंजी ही गायक बाळकृष्णबुवांची नगरी, इथं ख्यालाचा मान आहे आणि असावाच. पण हलगी, घुमकं, कैताळ यांचं ताल-शास्त्र काय कमी अवघड आहे? कोल्हापूरच्या कुस्तीच्या फडात पैलवानाच्या पायात बळ येतं ते हलगीनं. मंडळीच्या दारात तीच हलगी भुताखेताची कशी होते?

बायबलाचा आधार म्हणाल तर तो माझ्या बाजूला आहे. तांबडा समुद्र ओलांडल्यावर मिर्यामनं हातात डफ घेतला, असं आपल्या मराठी बायबलात निर्गमाच्या १५ व्या अध्यायात आहे. १५० व्या स्तोत्रात डफ आहे. डफ म्हणजे लाकडी कड्यावर ताणलेलं कातडं. हलगी तरी दुसरं काय आहे?

हे सगळं मी माझ्या धाकट्या भावाला ऐकवलं. तो सायझिंगमध्ये चाळीस वर्षं नोकरी करून निवृत्त झाला, मंडळीच्या पंचकमिटीत आहे. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाला, "आक्का, तुला हलगीत आफ्रिकेतला ढोल दिसतो. मला धाकल्या आज्याची पाठ दिसते. पाटलाच्या घरी लगीन, हलगी वाजव. मढं निघालं, हलगी वाजव. दवंडी द्यायची, हलगी वाजव. ताप असला तरी वाजव. आणि मग उष्टं धोतरात बांधून घरी आण. देवळापुढं वाजवायची, पण पायरी चढायची नाही. हे टाकायला आपण ख्रिस्ती झालो. तू पुन्हा तेच आमच्या गळ्यात घालतेस."

यावर माझ्याकडं लगेच उत्तर नव्हतं, आणि आजही पुरं नाही. त्याचं बोलणं खरं आहे. आफ्रिकेशी माझी तुलना इथं तोकडी पडते. तिथं ढोल हा कुणाच्या हीनपणाची खूण नव्हता. कित्येक ठिकाणी तो राजाचा होता, राज्याची सत्ता त्यात होती. मिशनऱ्यांनी तो बंद केला तेव्हा त्यांनी मानाची वस्तू हिरावली. आमची हलगी मात्र जातीनं गळ्यात बांधलेली. ज्यांनी ती फोडून टाकली त्यांनी दास्य फोडलं. आणि ढोल टाकणारे सगळे परदेशी होते असंही नाही. काँगोतल्या सायमन किंबांगू या आफ्रिकन संदेष्ट्यानं १९२१ मध्ये आपल्या लोकांना ढोल-नाच सोडायला सांगितलं. बेल्जियनांनी त्याला तुरुंगात टाकलं, तो ३० वर्षांनी तिथंच मेला. त्याला कुणी मिशनऱ्यांचा हस्तक म्हणू शकत नाही.

पण माझ्या भावाला मी एक विचारलं. धाकल्या आज्याची हलगी देवळाच्या बाहेर होती. त्या रविवारी त्या पोराची हलगी आमच्या मंडळीच्या बाहेर होती. मग फरक काय झाला? भाऊ काही बोलला नाही. त्या पोराला कुणी वाजवायला लावलं नव्हतं. त्याला उष्टं मिळणार नव्हतं. तागा नाही, भोपळा नाही, जे हाताला येतं ते त्याला देवाला द्यायचं होतं. सक्तीची हलगी आणि स्वखुशीची हलगी यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे. त्याला दारात अडवणारे त्याच्यात स्वतःचे आजे बघत होते आणि ते आजे शेजारच्यांना दिसू नयेत म्हणून धडपडत होते. सेरेंजेत पहिल्या रविवारी मला वाटलेली लाज हीच होती.

मी सगळंच परत आणा म्हणत नाही, हे ठासून सांगते. नर्स म्हणून मी जुन्या धर्माची दुसरी बाजू जवळून बघितली आहे. कोरड्यानं फाटलेली पाठ बघितली आहे. "देवी आली" म्हणून गोवरात तापलेलं लेकरू औषधाशिवाय घरात ठेवलेलं बघितलं आहे. करणीच्या संशयावरून वाळीत टाकलेली म्हातारी बघितली आहे. त्या लाला मुलखातही १९२५ मध्ये टोमो न्यिरेंडा नावाचा माणूस आला, स्वतःला म्वाना लेसा, म्हणजे देवाचा पुत्र, म्हणवू लागला. त्यानं बाप्तिस्म्याच्या पाण्यात चेटक्या ओळखायला सुरुवात केली. जो नीट बुडत नाही तो चेटक्या, असं ठरवून त्यानं कित्येकांना बुडवून मारलं. पुढच्या वर्षी त्याला फाशी झाली. बाप्तिस्मा नवा आणि चेटक्याची भीती जुनी, दोन्हींचं मिश्रण इतकं विषारी होऊ शकतं. आम्ही तिथं होतो तेव्हा लुसाकाचे आर्चबिशप इमॅन्युएल मिलिंगो भुतं काढायच्या प्रार्थना घेत, हजारो माणसं लोटत. १९८२ मध्ये रोमनं त्यांना बोलावून घेतलं. काही लोकांना वाटलं, आमचा माणूस नेला. मला मात्र ज्या बाईची फेफऱ्याची गोळी बंद करून तिला तिकडं नेलं तीच आठवते. महाराष्ट्रात डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा २०१३ मध्ये खून झाला आणि त्याच वर्षी जादूटोणाविरोधी कायदा झाला. तो कायदा देवळाइतकाच आमच्या चंगाई सभांच्या मांडवालाही लागू आहे, हे आमच्या लोकांनी विसरू नये.

मग ठेवायचं काय आणि टाकायचं काय? मला यात आयव्हरी कोस्टमधला विल्यम वेड हॅरिस पटतो. लायबेरियाचा ग्रेबो माणूस. १९१३ मध्ये पांढरा झगा, हातात वेताचा क्रूस आणि बायबल घेऊन तो अनवाणी निघाला, सोबतच्या बायकांच्या हातात भोपळ्याचे खुळखुळे. गावोगाव त्यानं लोकांना गंडेदोरे आणि मूर्ती जाळायला लावल्या. एक लाखाहून जास्त माणसांनी त्याच्या हातून बाप्तिस्मा घेतला असं इतिहासकार मानतात. १९१४ च्या अखेरीस फ्रेंचांनी त्याला हाकललं. पण त्याला लोकांनी विचारलं, आता आम्ही देवापुढं काय गायचं? तेव्हा त्यानं सांगितलं की तुमच्याच गावातली गाणी घ्या आणि शब्द देवाचे घाला. माणसाला बांधून ठेवणारी भीती त्यानं जाळली आणि गाण्याला हात लावला नाही. आमच्या पणजीनंही, कुठल्या संदेष्ट्याला न विचारता, हेच केलं होतं. कोरडा सोडला, एक घुंगरू ठेवलं.

म्हणून मी पंचकमिटीकडं अर्ज दिला आहे. त्यात दोन गोष्टी मागितल्या आहेत. यंदाच्या हंगामाच्या सणाला अर्पणं आत येताना हलगी वाजावी, आणि वाजवणारा दारापर्यंत नाही तर मेजापर्यंत यावा. दुसरी गोष्ट ईस्टरची. पुनरुत्थानाच्या पहाटे आम्ही मेणबत्त्या घेऊन कबरस्थानात जातो, आपापल्या माणसांच्या कबरींवर फुलं ठेवतो. त्या वेळी ज्यांना कबर नाही, जे बाप्तिस्म्याच्या आधीच गेले, त्यांची नावंही मोठ्यानं वाचली जावीत. पोतराज, वेठीचे हलगीवाले, मेलेली ढोरं ओढणारे, पटकीत गेलेल्या बायका. ज्यांची नावं आठवत नाहीत त्यांच्या गावांची नावं वाचावीत. त्यांच्या तारणाचा निवाडा आपण करायचा नाही, तो देवाचा आहे. आपण फक्त ती आपली माणसं होती असं म्हणायचं. झाईरच्या मिस्सेत हे म्हणता येत असेल तर पंचगंगेच्या काठावर का नाही?

आणि शेजाऱ्यांना, म्हणजे ज्यांनी मला आयुष्यभर "तुमचे कोण बाटले?" असं विचारलं त्यांना सांगायचं आहे की आमच्या घरात कुणी बाटलं नाही. एका माणसानं आपल्या बायकोला खाटेवर निजलेलं बघितलं आणि त्या खाटेला जो देव कारण होता त्याच्यामागं तो गेला. तुमच्या आज्यांच्या लग्नात ज्यांनी हलगी वाजवली, तेच आमचे आजे.

पंचकमिटीनं अजून काही कळवलेलं नाही. हलगी सध्या माझ्याकडंच आहे. पोरगा राहतो त्या खोलीत चौघं असतात आणि पत्र्यातून पाणी गळतं. पावसाळ्यात कातडं सैल पडतं, म्हणून त्यानं ती माझ्याकडं ठेवायला दिली. स्वयंपाकघरात ओट्याच्या वरच्या खुंटीला टांगली आहे, तिथं ऊब असते. अधूनमधून पाळीला जाण्याआधी तो येतो, अंगणात जुनी वर्तमानपत्रं पेटवून हलगी शेकतो, बोटानं आवाज बघतो आणि थोडा वेळ वाजवतो. एका हातात जाड टिपरू, दुसऱ्यात बारीक काडी. मागच्या आठवड्यात मी त्याला चितांबोची गोष्ट सांगितली आणि घुंगरू दाखवलं. त्यानं ते कानाजवळ धरून हलवलं आणि परत रुमालात ठेवलं. मग विचारलं, "आजी, त्या ढोलकऱ्यांनी कुठला ठेका धरला असंल?" मला सांगता येईना. मढ्यापुढचा ठेका त्याला त्याच्या आज्याकडून आलेला आहे. तो त्यानं धरला, सावकाश, आणि मी ओसरीवर बसून ऐकला.